कल्याणिकुट्टीने स्वतःसाठी राखलेला आंबा

आलंकडव गावात कल्याणिकुट्टीइतकं दुसरं कुणी रडलेलं नाही, आणि त्यातलं बहुतेक रडणं सिनेमासाठी झालं.

गाव केरळात, निळा नदीच्या काठाला. सिनेमावाल्यांना ते पहिल्यांदा कुणी दाखवलं कुणास ठाऊक, पण एकदा दिसल्यावर मुंग्यांना गुळाची ढेप सापडावी तसं झालं. नदी, भातखाचरं, देवळाचं तळं, कौलारू घरं, सगळं एका हाकेच्या अंतरावर. मद्रासेहून आलेली गाडी वडाखाली एकदा उभी केली की दिवसभर हलवायला नको. गावालाही त्याची सवय लागली. थोरल्या नंबूदिरींचं छप्पर पावसाळाभर गळायचं, पण ते कौलं बदलीनात. नव्या कौलांच्या घराला सिनेमात कोण विचारतो? घरात गाऊन घालून फिरणाऱ्या सुना शूटिंग आलं की आजेसासूच्या पेटीतलं मुंडू काढून नेसायच्या. मग शहरातले लोक थेटरात बसून म्हणायचे, बघा, खेड्यांतून अजून सगळं जुनं टिकून आहे. टिकून होतं हे खरं. पेटीत होतं.

कल्याणिकुट्टीचा नवरा लवकर गेला, मुलगा आखातात. अंगण मोठं, घर रिकामं, आणि आवाज असा की ओसरीवर उभं राहून नदीपलीकडच्या गुराख्याला जेवायला बोलवावं. पहिल्या एकदोन सिनेमांत ती गर्दीत उभी राहिली. पुढे एका मयताच्या शूटिंगला तिने असा काही टाहो फोडला की कॅमेरावाल्याच्या हातातली काडी विझली. तेव्हापासून आलंकडवात सिनेमातलं कुणी मेलं की आधी कल्याणिकुट्टीला निरोप जाई. तिच्याबरोबर शेजारची, मुसलमानाघरची कुंजिपात्तू. नायरांचं मयत असलं की कुंजिपात्तू डोक्यावरचा रुमाल सोडून खांद्यावर टाकायची आणि बाकीच्यांबरोबर ऊर बडवायची. ख्रिस्ती मयताला तीच ख्रिस्ती बायकांचा पांढरा सदरा, चट्टा, घालून मागच्या बाकावर. तिच्या घरच्यांनी एकदा विचारलं, अगं, तू सगळ्यांच्या धर्माचं रडतेस, ते चालतं का? ती म्हणाली, डोळ्यातलं पाणी कुणी तपासायला नेत नाही.

खरं सांगायचं तर ऊर बडवून, केस सोडून रडायची रीत गावातून कधीच गेली होती. आजकाल लोक पदर तोंडात धरतात आणि भिंतीकडे बघतात. पण डायरेक्टर लोकांना जुनं रडणं हवं असायचं, म्हणून बायकांनी ते आठवून आठवून पुन्हा बसवलं. मग झालं काय, की पोस्टमास्तर खरोखरचे गेले तेव्हाही बायका तशाच रडल्या. हात त्याच लयीत, हुंदका त्याच जागी. मध्येच कुंजिपात्तू थांबली आणि मान वर करून बघत राहिली. कुणीतरी 'कट' म्हणायची ती वाट बघत होती. कुणी म्हणेना, तेव्हा बिचारी पुन्हा रडायला लागली.

एवढी सगळ्या जगासाठी रडणारी बाई, पण तिच्या स्वतःच्या जिवाला एकच गोष्ट लागून होती. धाकटी बहीण भार्गवी तिच्या पायऱ्या चढत नव्हती.

भार्गवीचं घर समोरच, सासरपासून वेगळं थाटलेलं. मध्ये एक भातखाचर आणि त्याचा बांध. ओसरीवरून भार्गवीची चूल पेटलेली दिसायची, तिने कपडे वाळत घातलेले दिसायचे, साडीला ठिगळ लावलं तर तेही दिसायचं. पण बोलणं नाही. कारण विचाराल तर सिनेमाच.

गावात पहिलं शूटिंग झालं ते देवळाच्या उत्सवाचं. दोघी बहिणी गर्दीत उभ्या होत्या. भार्गवीने त्यासाठी पोपटी ब्लाउज शिवून घेतला होता, आणि आपल्या सासरच्या झाडून सगळ्या माणसांना कळवलं होतं की सिनेमा लागला की बघा, मी आहे. सिनेमा लागला. सासरची वीस-बावीस माणसं बैलगाड्या करून बघायला गेली. उत्सव आला, हत्ती आला, दिवे आले, आणि पडद्यावर दिसला तो कल्याणिकुट्टीचा खांदा. खांदा आणि कान. त्या खांद्याच्या मागे पोपटी रंगाची एक कड होती, ती ज्याला माहीत होती त्याला दिसली. सासरची माणसं परत आली ती एक शब्द बोलली नाहीत. हसली असती तरी बरं झालं असतं.

भार्गवी तणतणत आली. चेची, तुला सरकता आलं नाही? थोरलीला चेची म्हणायचं, ते तिने रागातही सोडलं नाही. कल्याणिकुट्टी तेव्हा नारळ खवत होती. कॅमेरा कुठे आहे ते मला काय ठाऊक, असं ती म्हणाली, आणि तिथेच थांबली असती तर भागलं असतं. पण जिभेला हाड नसतं. ती पुढे म्हणाली, "आणि तुझं तोंड दिसून काय होणार होतं?"

भार्गवी पायऱ्या उतरली ती उतरलीच. तेव्हापासून तिने सिनेमा बघितला नाही. गावात शूटिंगची गाडी आली की ती रस्त्याकडची खिडकी लावून घ्यायची, आणि तिच्यापुढे कुणी सिनेमाचा विषय काढायचा नाही असा गावाने दंडकच घातला. काढला तर ती ताक मागायला आलेल्याला ताक देत नसे.

कल्याणिकुट्टी दर वर्षी झाडाचे पहिले आंबे टोपलीत घालून कुंजिपात्तूच्या हाती बांधावरून धाडायची. दर वर्षी टोपली तशीच परत. जाताना एक आणि येताना एक आंबा कुंजिपात्तू खायची, ती तिची वाटखर्ची. माफी मागावी असं कल्याणिकुट्टीच्या मनात पुष्कळदा येई, पण बांधापर्यंत गेलं की ती गवत उपटायला आल्यासारखं करून परत यायची.

आता त्या आंब्याचं सांगायला हवं. अंगणाच्या कडेला, खाचराच्या बाजूला हे झाड. गावाकडे घरोघर असतं तसं म्हाताऱ्या माणसाने आपल्यासाठी राखलेलं. माणूस गेलं की घरच्या आंब्यावर कुऱ्हाड पडते आणि त्याच लाकडावर त्याला जाळतात. त्यामुळे सकाळच्या वेळी कुठे आंब्यावर कुऱ्हाडीचे घाव ऐकू आले की लोक हातातलं काम टाकतात आणि आवाजाच्या दिशेने निघतात. कोण गेलं ते विचारत नाहीत. कुठल्या घरचा आंबा आहे त्यावरून कळतं. गावात फोन दोनच, पण कुऱ्हाड प्रत्येकाच्या ओळखीची. कल्याणिकुट्टीने सगळ्यांना बजावून ठेवलं होतं, हा आंबा माझा. सुतार आला, नाही. मुलाने आखातातून कळवलं की पलंग करून घे, नाही. तुझ्या पलंगावर मी झोपेन, मग मला कशावर झोपवशील, असं तिने उलट कळवलं.

तर त्या वर्षी फाल्गुनात एक सिनेमा आला. मयताचं शूटिंग थोरल्या नंबूदिरींच्या घरी व्हायचं होतं. पण नंबूदिरींचा जावई गुपचूप येऊन घराला निळा रंग देऊन गेला होता. डायरेक्टर सकाळी उतरले, गावात सरांना सार म्हणतात तसे ते डायरेक्टर सार; त्यांनी घर बघितलं आणि पुन्हा गाडीत जाऊन बसले. त्यांचा मदतनीस बिनॉय, काटकुळा पोरगा, गळ्यात शिट्टी, तो धावत कल्याणिकुट्टीकडे आला. तिच्या घराला रंग माहीत नव्हता. त्याने अंगण बघितलं, ओसरी बघितली, आणि झाड बघून त्याचे डोळे चमकले.

अम्मा, आंबा तोडताना दाखवायचाय, तो म्हणाला.

तो माझा आहे, कल्याणिकुट्टी म्हणाली.

अंगणातलं सगळंच तुमचं आहे, बिनॉय म्हणाला.

सगळं माझं आहे, पण हा माझ्यासाठी आहे, ती म्हणाली. पोरगा शहरातला, त्याला काही उमजेना. शेवटी कुंजिपात्तूने त्याला नीट फोड करून सांगितलं, तेव्हा तो झाडापासून दोन पावलं मागे सरकला. पुष्कळ बोलणी झाली, आणि ठरलं ते असं की खाचराकडे वाकलेली एक फांदी, ती तशीही जड झाली होती, तेवढीच तोडायची. कॅमेऱ्याला झाड वाटेल. तोडायला गावचा चामी. खऱ्या मयताची लाकडं तोच तोडायचा, त्यामुळे त्याचा घाव अगदी ओळखीचा.

इतकं झाल्यावर प्रेताचा प्रश्न निघाला. प्रेत व्हायला त्रिश्शूरहून एक बाई यायच्या होत्या. त्यांच्या ज्योतिष्याने आदल्या दिवशी त्यांना अडवलं. डायरेक्टर सार डोकं धरून बसले. कल्याणिकुट्टी म्हणाली, मी निजते. इतकी वर्षं बसून बसून ऊर बडवला, आता एकदा पडून बघते. कुंजिपात्तूला ते आवडलं नाही, स्वतःच्या अंगणात, स्वतःच्या आंब्याखाली, असं कुणी करतं का, असं ती पुटपुटली. पण कल्याणिकुट्टीने मनाशी हिशेब केला होता की प्रेताचं तोंड जवळून दाखवतात.

ओसरीवर केळीच्या पानांवर तिला निजवलं, डोकं दक्षिणेला. उशाशी समई, नारळाच्या वाटीत वात, भोवती तांदळाची रेघ. नाकात कापूस घातला. पायाचे अंगठे सुतळीने एकत्र बांधले. मेकअपवाला हनुवटीला फडकं बांधायला आला, तेव्हा मात्र तिने त्याचा हात धरला.

"तोंड बांधायचं नाही. ते मी मेल्यावर बघा."

कॅमेरा दारात, तिच्या उशामागे ठेवला. समोर तिचे पाय, पायांपुढे पायऱ्या, अंगण, मग आंबा आणि त्यापलीकडे खाचर. बायका भोवती बसल्या. डायरेक्टर सारांनी हात वर केला आणि चामीने पहिला घाव घातला.

खाचरापलीकडे भार्गवी नदीवरून न्हाऊन नुकतीच घरात आली होती. गाडीचा आवाज तिने ऐकला होता, पण तो वडाखाली, लांब नंबूदिरींच्या बाजूला, म्हणून तिने रस्त्याकडची खिडकी लावली होती. खाचराकडची उघडीच होती. घाव ऐकू आला. दुसरा ऐकू आला. चामीचा हात. आणि तो आवाज कुठून येतोय हे तिला बघायचीसुद्धा गरज नव्हती, कारण माहेरच्या त्या अंगणात तो आंबा लावला तेव्हा पाणी घालायचं काम तिचं होतं.

ती ओल्या केसांनी तशीच निघाली. बांधावरून न जाता सरळ खाचरातून, कारण बांध वळण घेतो. पीक कापलेलं होतं, पण तळाला चिखल होता. अंगणात आली तेव्हा तिचं मुंडू गुडघ्यापर्यंत काळं झालं होतं. चामीने तिला बघितलं आणि कुऱ्हाड हवेतच थांबवली. बिनॉय तिला अडवायला पुढे झाला, पण डायरेक्टर सारांनी त्याचा शर्ट मागून धरला.

भार्गवी पायऱ्या चढली. कल्याणिकुट्टीचे डोळे मिटलेले होते, पण ती पावलं तिला कळली. लहानपणापासून भार्गवी डावा पाय जरा जोरात टाकते. तिला वाटलं, उठावं. मग वाटलं, उठले तर ती जाईल. म्हणून ती पडून राहिली, आणि आयुष्यात पहिल्यांदा तिने दुसऱ्या कुणाचं रडणं नीट ऐकलं.

भार्गवी तिच्या पायांवर पडली. ऊर बडवला नाही, केस तर मोकळेच होते. बोलता बोलता रडत होती आणि रडता रडता नाक ओढत होती.

"चेची, तुझं नेहमीचंच. देवळात पुढं, पंगतीत पुढं, त्या मेल्या सिनेमात माझ्यापुढं. आता इथेही पुढं निघालीस. म्हणे तुझं तोंड दिसून काय होणार होतं. मी काय जगाला दाखवायला निघाले होते का? लग्न होऊन गेले त्या घरात सासू माझ्याशी बोलायची ती चुलीकडे बघून. म्हटलं, पडद्यावर तरी बघतील. अंधारात बसल्यावर दुसरीकडे बघता येत नाही ना." मग बराच वेळ नुसतं रडणं. मग म्हणाली, "आंबे परत धाडायचे मी. पण वास घेऊन धाडायचे."

बाकीच्या बायका रडायचं विसरल्या होत्या. कुंजिपात्तू तर खरीच रडत होती, आणि रुमाल कुठल्या धर्माचा करावा ते न सुचून तिने त्याला नाक पुसलं. कल्याणिकुट्टीच्या अंगठ्यांवर गरम पाणी पडत होतं. नाकातल्या कापसाने श्वास कोंडला होता आणि छातीतून काहीतरी वर येत होतं, ते ती दाताखाली धरून होती.

तेवढ्यात भार्गवीचं बोलणं थांबलं. तिने हातातले अंगठे चाचपले. पुन्हा चाचपले.

"पाय गरम आहेत," ती म्हणाली.

तिने मान वर केली, तर चेची एका डोळ्याने तिच्याकडे बघत होती. आणि चेचीच्या डोक्यामागे दारात एक काळा डबा, त्याच्यामागे एक टोपीवाला माणूस, आणि त्याच्यामागे अजून आठदहा माणसं, सगळी श्वास रोखून. त्याच वेळी डबा खरखरला आणि बंद पडला. रीळ संपलं होतं.

भार्गवी उठली. वळली आणि पायऱ्या उतरू लागली. आता कल्याणिकुट्टी उठायला गेली, तर अंगठे बांधलेले. एकदा उठली आणि बसली, पुन्हा उठली आणि समईवर पडता पडता वाचली. सुतळीची गाठ मेकअपवाल्याची, ती सुटेना. तिने नाकातला कापूस काढून फेकला.

"भार्गवी, मी सरकायला हवं होतं."

त्या आवाजाला नदीपलीकडचे गुराखीही जेवायला येतात, तर भार्गवी तिसऱ्या पायरीवर थांबली यात नवल नाही. पण वळली नाही. कल्याणिकुट्टी केळीच्या पानावर बसली होती, अंगठे बांधलेले, कपाळावर भस्म. ती पुन्हा म्हणाली, या वेळी हळू. "कॅमेरा कुठे होता ते मला दिसत होतं. आणि ते पुढचं बोलले, ते बोलायला नको होतं."

शेजारपाजारची माणसंही आता फाटकातून आत येत होती. कुऱ्हाड त्यांनीही ऐकली होती. मयताच्या घरी चूल पेटत नाही म्हणून कुणी पेजेचं भांडं आणलं होतं, कुणी उसळ. कल्याणिकुट्टीला बसलेली बघून ती भांडी कुठे ठेवावीत ते त्यांना कळेना.

डायरेक्टर सार शेवटी पुढे आले. मोठा माणूस, पण आवाज अगदी गयावया करणारा. म्हणाले की अम्मा, असं मी कधी बघितलं नाही, पण अर्ध्यात रीळ संपलं. एकदा, फक्त एकदा पुन्हा.

भार्गवीने त्यांना वरपासून खालपर्यंत बघितलं. आज सकाळपासून ज्याला ज्याला बघितलं त्या सगळ्यांचा राग तिने त्यांच्यावर काढला असता. पण तिने दुसरंच विचारलं.

"हा डबा इथून कुणाला बघतो?"

तुम्हाला, सार म्हणाले.

"माझं तोंड दिसतं?"

"पूर्ण दिसतं."

"आणि हिचं?"

डायरेक्टर सारांनी खाली वाकून बघितलं, पुन्हा सरळ झाले. "यांचे फक्त पाय दिसतात," ते म्हणाले.

हे कल्याणिकुट्टीला ठाऊक नव्हतं. तिने मान वळवून कॅमेऱ्याकडे बघितलं. मग पुन्हा आडवी झाली आणि पाय जरा नीट जुळवून ठेवले.

भार्गवी पायऱ्या चढून वर आली. मुंडूचा चिखल झटकला, तर बिनॉय ओरडला की राहू द्या, चिखल तसाच हवा. ती पायांशी बसली. नवं रीळ चढलं. हात वर झाला, चामीने घाव घातला, आणि भार्गवीला रडू येईना. ती अंगठ्यांकडे बघत राहिली. गेलेल्या माणसाचे अंगठे असे लाल नसतात.

कल्याणिकुट्टी इतक्या मयतांत जे शिकली होती ते त्या दिवशी कामी आलं. ओठ न हलवता ती पुटपुटली, "पोपटी ब्लाउज आठव."

"त्याची बाही तू आत दुमडली होतीस," भार्गवी पुटपुटली.

"शिवणाऱ्याने उलटी लावली होती. मीच दुमडली, तुला सांगितलं नाही, तू रडली असतीस."

आणि भार्गवी रडली. पहिल्यापेक्षा जास्त. डायरेक्टर सारांनी या वेळी कट म्हणायला इतका वेळ लावला की कुंजिपात्तूनेच मान वर करून त्यांच्याकडे बघितलं.

दुपारी शेजाऱ्यांनी आणलेली पेज सिनेमावाल्यांनी खाल्ली. नाहीतरी ती वाया गेली असती. अंगठ्यांची गाठ चामीने कुऱ्हाडीच्या पात्याने अलगद कापली, असं काम पहिल्यांदाच करतोय म्हणाला. तोडलेल्या फांदीला बाळकैऱ्या होत्या. भार्गवीने एकटीने त्या वेचल्या, ओटीत घेतल्या आणि जायला निघाली. कल्याणिकुट्टी म्हणाली, बरणी माझ्याकडे आहे. भार्गवी म्हणाली, तुझं लोणचं खारट होतं, मी घालते. पण बरणी घेऊन गेली, आणि बरणी घेऊन गेलेलं माणूस ती परत द्यायला येतंच.

कल्याणिकुट्टीने त्या संध्याकाळी झाडाकडे बराच वेळ बघितलं. फांदी गेल्यावर ते एका बाजूने उघडं पडलं होतं. उरलेलं पुरेल की नाही, असं तिने चामीला विचारलं. तुम्ही काही फार मोठ्या नाही, चामी म्हणाला.

सिनेमा लागला तो पाऊस उतरल्यावर, ओणमच्या आसपास, गावच्या टॉकीजमध्ये. पत्र्याचं छप्पर, पुढे बसणाऱ्यांना वाळू, मागे बाकं, मध्ये लाकडी आडोसा आणि एका बाजूला बायका. खेळाआधी कर्ण्यावर देवाचं गाणं लागलं, तशा दोघी बहिणी बांधावरून पुढे-मागे निघाल्या. भार्गवी पुढे होती. कुंजिपात्तूने दोघींच्या मध्ये बसायला नकार दिला, म्हणून त्या शेजारी शेजारी बसल्या. भार्गवीने सासरच्या कुणालाही कळवलं नव्हतं.

सिनेमा लांबला. नायक रागावून गेला, परत आला, पुन्हा गेला. मग कुऱ्हाडीचा आवाज आला. भार्गवीने कल्याणिकुट्टीचं मनगट धरलं. पडद्यावर आंबा, पायऱ्या, आणि दोन पाय अंगठ्याशी बांधलेले. आणि त्याच घटकेला पुढच्या बाकावरची मोठ्या अंबाड्याची बाई रडणाऱ्या बाळाला घेऊन उभी राहिली, बाहेर जायला वाट शोधत, इकडे सरक, तिकडे सरक करत. ती वाटेला लागून भार्गवीला पडदा दिसला तेव्हा नायक नदीकाठी उभा होता आणि गाणं सुरू झालं होतं.

भार्गवीने आजूबाजूला बघितलं. बायका नाक पुसत होत्या, म्हणजे काहीतरी झालं होतं. थोड्या वेळाने तिने अंधारात विचारलं, "चेची, तुला दिसलं?"

"दिसलं."

"माझं तोंड?"

"सगळं."

भार्गवी जरा जवळ सरकली. "कसं दिसत होतं?"

कल्याणिकुट्टीने विचार केला. ती जे काही सांगेल तेच आता भार्गवीपाशी राहणार होतं, आणि जपून बोलायची सवय तिला नवीनच लागली होती.

"नाक लाल होतं," ती म्हणाली. "पण पुढं कुणी नव्हतं."

दुसऱ्या दिवशी त्या पुन्हा गेल्या, आणि कल्याणिकुट्टी अगदी पुढे, वाळूत जाऊन बसली. म्हाताऱ्या बाईने वाळूत बसावं याचं लोकांना नवल वाटलं. तिने भार्गवीलाही ओढून शेजारी बसवलं. वाळूतल्यांच्या पुढे नुसता पडदा असतो.